मंजुळेचे दोन आवाज

माझी आजी गाडीला ‘गारी’ म्हणायची, पाण्याला ‘पानी’ आणि डोळ्यांना ‘डोले’. अंबरनाथजवळच्या चिखलोलीतल्या आगरी घरात दुसरं काय बोलणार? शाळेत मात्र तोंडून ‘गारी’ निसटलं की अख्खा वर्ग फिदीफिदी हसायचा. मग आम्हा पोरांना दोन जिभा फुटल्या, एक घरची आणि एक शाळेची. घराचा उंबरा ओलांडताना ‘ड’ आपोआप जाग्यावर यायचा आणि संध्याकाळी चपला काढताना पुन्हा ‘र’ व्हायचा. शाळेच्या वाटेवर आजी दिसली तर मी हळूच मैत्रिणीच्या पलीकडे व्हायचे, कारण आजी मोठ्यानं हाक मारणार आणि मला उत्तर कुठल्या जिभेनं द्यायचं हे ठरवावं लागणार. आज ते आठवलं की कानशिलं तापतात.

त्यामुळे ‘ती फुलराणी’ हे नाटक टीव्हीवर पहिल्यांदा बघितलं तेव्हा घरातले सगळे हसत होते आणि मी अवघडून बसले होते. पडद्यावरची फुलंवाली मंजुळा जे भोगत होती ते माझ्या ओळखीचं होतं. फरक इतकाच की तिला शुद्ध बोलायला शिकवायला प्राध्यापक होता आणि आम्हाला वर्गातलं हसणं.

मंजुळा साळुंके म्हणजे भक्ती बर्वे. हे समीकरण इतकं घट्ट बसलं की त्या बाईंनी आयुष्यात बाकी काय काय केलं हे लोकांना मुद्दाम सांगावं लागतं. म्हणून हा मागोवा.

जन्म सांगलीचा, 10 सप्टेंबर 1948. रंगमंचाची सवय लागली ती सुधा करमरकरांच्या ‘लिटल थिएटर’च्या बालनाट्यांत. बालनाट्य ही नटाची कडक शाळा असते. मोठी माणसं कंटाळली तरी सभ्यपणे बसून राहतात. पोरांना शब्द पोचला नाही तर ती सरळ वेफर्सची पिशवी फोडतात. शेवटच्या रांगेतल्या पोरापर्यंत न ओरडता कसं पोचायचं, हे तिथं कळलं तर कळलं. पुढे आकाशवाणीच्या निवेदनात चेहराही गेला, उरला निव्वळ आवाज. आणि 2 ऑक्टोबर 1972 ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं, त्या सुरुवातीच्या काळात मराठी बातम्या देणाऱ्यांत भक्ती बर्वे होत्या. स्मिता पाटीलही त्याच काळात बातम्या द्यायच्या. हातात कागद, अधूनमधून वर येणारी नजर, आणि एकही अक्षर न सांडणारं मराठी. चाळीत एकाच घरी टीव्ही असायचा आणि तो बघायला वीस माणसं दाटीवाटीनं बसायची, तेव्हाची ही गोष्ट. शुद्ध मराठी कसं वाजतं, याचा नमुना हजारो घरांसाठी त्या खुर्चीतून तयार होत होता.

रंगमंचावरही तोवर त्यांनी मोठी मजल मारली होती. ब्रेख्तच्या ‘कॉकेशियन चॉक सर्कल’वरून चिं. त्र्यं. खानोलकरांनी ‘अजब न्याय वर्तुळाचा’ लिहिलं आणि विजया मेहतांनी ते बसवलं. भक्ती बर्वे त्यात होत्या. ब्रेख्तच्या नाटकात नटाला भूमिकेत शिरायचंही असतं आणि बाहेर उभं राहून तिच्याकडे बघायचंही असतं. ही दुहेरी नजर पुढे त्यांच्या फार उपयोगी पडली असणार असं मला वाटतं.

मग 1975 च्या जानेवारीत ‘ती फुलराणी’ आलं. मुळातलं नाटक बर्नार्ड शॉचं, ‘पिग्मॅलियन’. शॉ डब्लिनचा आयरिश माणूस, लंडनमध्ये येऊन नाव काढलेला. तोंड उघडताच समोरचा आपल्याला कुठल्या खणात टाकतो, याचं भान परक्या गावात आलेल्याला जास्त असतं. त्यानं नेमकं तेच नाटकात धरलं. 1914 साली लंडनला पहिल्यांदा प्रयोग झाला तेव्हा फुलं विकणाऱ्या पोरीचं काम करणाऱ्या मिसेस पॅट्रिक कॅम्पबेल एकोणपन्नास वर्षांच्या होत्या. नाटक तरी चाललं. आमची मंजुळा त्या मानानं वयात बसणारी, सव्वीस वर्षांची.

पु. ल. देशपांड्यांनी रूपांतर केलं आणि दिग्दर्शनही स्वतःच केलं. प्राध्यापकाच्या भूमिकेत सतीश दुभाषी. हे नाटक मराठीत आणणं वाटतं तितकं सोपं नव्हतं. लंडनमध्ये उच्चारावरून गल्ली ओळखता येत असेल. मराठी कान तेवढ्यावर थांबत नाही, तो तालुका हुडकतो, वस्ती हुडकतो आणि पुष्कळदा न विचारता जातही हुडकतो. पु.लं.नी हे सगळं हसण्याच्या पातळीवर ठेवलं. त्यांच्यावर माझं प्रेम असूनही मला इथं जरा खटकतं. पहिल्या अंकात मंजुळा बोलली की प्रेक्षागृह जे हसतं, त्यात माझ्या शाळेतला वर्ग मला ऐकू येतो.

पण भक्ती बर्वे त्या हसण्याला पुरेशी जागा देत नाहीत. ध्वनिचित्रमुद्रण नीट बघा. फुलंवाली बोलताना त्या शब्द वेडेवाकडे करून हशा मागत नाहीत. मंजुळेचं बोलणं त्यांच्याकडे अख्खं आहे, त्याला स्वतःचं व्याकरण आहे, ताल आहे, रागवायची वेगळी उंची आहे. प्राध्यापकाला धडा शिकवायची स्वप्नं बघणारं मंजुळेचं प्रसिद्ध स्वगत मराठी घरात बहुतेकांना तोंडपाठ असतं. शाळेच्या स्नेहसंमेलनांत दरवर्षी कोणीतरी मुलगी कंबरेवर हात ठेवून ते म्हणून दाखवते आणि बहुतेक वेळा ते नुसती आदळआपट होऊन जातं. भक्तीताईंकडे बघा, राग चढत जातो तशी त्या आधी खाली उतरतात. आवाज बारीक होतो, डोळे कुठंतरी लांब जातात, प्राध्यापकाची फजिती त्यांना प्रत्यक्ष दिसायला लागते, आणि मग वरचा सूर लागतो. मधल्या त्या क्षणभरात पोरगी स्वप्न बघते आहे. हसणारा प्रेक्षक तिथं गप्प होतो.

उत्तरार्धात मंजुळा शिकून तयार होते. इथं बातम्या देणाऱ्या बाईंचं ते निर्मळ मराठी कामाला येईल असं कुणालाही वाटेल. येतंही. पण भक्ती बर्वे ते मराठी किंचित जास्त नीट बोलतात, उसनी साडी चुरगळू नये म्हणून जपून बसावं तसं. रोज ज्या भाषेत पोट भरत होत्या ती भाषा परकी करून दाखवणं हे मला पहिल्या अंकापेक्षा अवघड वाटतं. गुजरातीत हीच फुलवाली सरिता जोशींनी ‘संतू रंगीली’ म्हणून गाजवली. मराठीत पुढे प्रिया तेंडुलकर, सुकन्या कुलकर्णी, अमृता सुभाष, हेमांगी कवी यांनी मंजुळा केली. प्रत्येकीची तुलना कुणाशी झाली हे सांगायला नको.

1983 साली ‘जाने भी दो यारो’ या चित्रपटात भक्ती बर्वेंनी शोभा सेन ही संपादिका रंगवली. दोन भोळ्या फोटोग्राफरांना मधाचं बोट लावून वापरून घेणारी. तो गोड, समजूतदार आवाज ऐकून सत्याची बाजू हीच असं वाटतं, आणि तिथंच आपण फसतो. दिग्दर्शक कुंदन शाहांनी बातम्यांच्या खुर्चीतल्या आवाजाचाच असा उलटा उपयोग केला, तो जाणूनबुजून की योगायोगानं, कोण जाणे.

मी भक्तीताईंना प्रत्यक्ष बघितलं ते एकदाच, ‘आई रिटायर होतेय’ मध्ये. अशोक पाटोळ्यांचं नाटक. घरासाठी राबलेली आई एक दिवस जाहीर करते की आता मी निवृत्त. ठाण्याला गडकरी रंगायतनमध्ये प्रयोग होता. मी आणि आई, बाल्कनीची तिकिटं. मध्यंतरात बायका बटाटेवडा खाता खाता खिदळत होत्या. शेवटी कुणी खिदळत नव्हतं. परतताना कर्जत लोकलमध्ये आईनं चकार शब्द काढला नाही. चिखलोलीला तेव्हा स्टेशन नव्हतं. अंबरनाथला उतरून रिक्षा मिळाली नाही म्हणून आम्ही चालत आलो. अर्ध्या वाटेत आई म्हणाली, “तिला पेन्शन कोन देनार, त्ये नाय सांगितलं.” दुसऱ्या दिवशी पहाटे चारला स्टोव्हचा आवाज आला. वडिलांची पहिली पाळी होती, डबा हवा होता.

1990 मध्ये भक्तीताईंना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. पुढची वर्षं मला जास्त महत्त्वाची वाटतात, कारण मंजुळेच्या पुण्याईवर बसून राहण्याचा रस्ता मोकळा असताना त्यांनी अवघड कामं घेतली. अजित दळवींच्या ‘गांधी विरुद्ध गांधी’मध्ये त्या कस्तुरबा झाल्या, महात्मा नवरा आणि भरकटलेला हरिलाल यांच्यात पिळून निघणारी आई. प्रेमानंद गज्वींच्या ‘गांधी-आंबेडकर’मध्ये त्या विदूषक. दोन महापुरुष वाद घालतायत आणि त्यांना चिमटे काढायला एक बाई. मंजुळेला हे काम नक्की आवडलं असतं. या सगळ्याच्या मध्ये, 13 मार्च 1996 ला त्यांचे पती, अभिनेते शफी इनामदार गेले. क्रिकेट विश्वचषकातल्या भारत-श्रीलंका उपांत्य सामन्याचा तो दिवस.

पु. ल. गेले 12 जून 2000 ला. भक्तीताई तेव्हा ‘पु. ल., फुलराणी आणि मी’ हा कार्यक्रम करायच्या. बरोबर आठ महिन्यांनी, 12 फेब्रुवारी 2001 ला, वाईचा कार्यक्रम करून मुंबईला परतताना मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर भाताणच्या बोगद्याजवळ त्यांच्या गाडीला अपघात झाला आणि त्या गेल्या. वय बावन्न.

टीव्हीवर फुलराणी बघितलं त्या दिवशी आजीही आमच्यात होती, भिंतीला टेकून, पाय पसरून. पहिला अंक तिनं डोळे बारीक करून ऐकला. मग मला विचारलं, “ही पोर कंच्या गावची?” मी म्हटलं, आजी, ही आपल्या टीव्हीवर बातम्या द्यायची ना, तीच. आजीनं माझ्याकडे असं बघितलं की जणू मी शाळेत जाऊन वाया गेले आहे.

“चल, उगाच,” ती म्हणाली. “बातम्या देनारी बाय कवा आशी बोलंल?”