बाळाला ऐकू गेलं का?

2024 च्या जानेवारीत अमेरिकेत हातपाय लुळे पडलेल्या एका तरुणाच्या मेंदूत चिप बसवली आणि तो नुसत्या विचाराने संगणकाच्या पडद्यावरचा बाण हलवू लागला. आपण ती बातमी डोळे विस्फारून वाचली. पण मज्जातंतूला यंत्र जोडण्याचं काम त्याच्या कितीतरी आधी कानात होऊन गेलं आहे. त्याला कॉक्लियर इम्प्लांट म्हणतात.

साधं श्रवणयंत्र आवाज फक्त मोठा करतं. आतल्या कानात गोगलगायीच्या शंखासारखं वेटोळं असतं. त्यातल्या सुमारे 15 हजार सूक्ष्म केसपेशी आवाजाचे विजेचे इशारे करतात. त्याच निकामी असल्या तर मोठा आवाज काय कामाचा? इम्प्लांट त्यांना वगळून थेट श्रवणतंतूला गाठतं. कानामागचा प्रोसेसर आवाज टिपतो, कातडीखालच्या यंत्राकडे तो बिनतारी पाठवतो आणि वेटोळ्यात सरकवलेल्या बारीक तारेवरचे 12 ते 22 इलेक्ट्रोड तंतूला विजेचे हलके ठोके देतात. ही तार आत शिरावी कशी, हे कोडं मेलबर्नच्या डॉ. ग्रॅम क्लार्क यांना समुद्रकिनारी शंखात गवताची पाती सारताना सुटलं. बुडाशी ताठ, टोकाशी लवचिक! 1978 साली त्यांनी असं इम्प्लांट प्रथम बसवलं. त्यांचे स्वतःचे वडील कमी ऐकत.

पण 15 हजारांचं काम 22 जणांनी करायचं, म्हणजे ओढाताण आलीच. बोलणं मेंदू हळूहळू उलगडतो, सूर मात्र पुरता हाती लागत नाही. गझलेचे शब्द कळतील, मींड निसटेल. जन्मतः बहिऱ्या मुलाचा मेंदू हे उलगडणं पहिल्या काही वर्षांतच चांगलं शिकतो.

आणि इथेच घोडं अडतं. आमच्याकडे बाळ जन्मताच कानात अजान देतात, शेजारी बारशाला आत्या कानात कुर्र करून नाव सांगते. बाळाला ते ऐकू गेलं का, हे कोण बघतो? दोन वर्षांचं पोर बोलत नाही म्हटलं, की आजी सांगते, 'त्याचा मामाबी उशिराच बोलला व्हता.' वास्तविक तान्ह्या बाळाची श्रवणचाचणी झोपेतसुद्धा होते, काही मिनिटांत आणि न दुखता. अंगणवाडीत येणाऱ्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाच्या पथकाला विचारलं, तर ते पुढची वाट सांगतात.

खर्च लाखांत जातो. गरीब घरच्या पाच वर्षांपर्यंतच्या मुलांसाठी केंद्राची एडिप योजना आहे. तिचं हे काम मुंबईला वांद्र्याची अली यावर जंग राष्ट्रीय संस्था पाहते. अली यावर जंग म्हणजे आपल्या महाराष्ट्राचे एकेकाळचे राज्यपाल.

शस्त्रक्रियेनंतरची गोष्ट मात्र कमी सांगितली जाते. यंत्र पुन्हा पुन्हा जुळवून घ्यावं लागतं, वाचा-उपचारांसाठी महिनोन्‌महिने शहर गाठावं लागतं. एसटीचं भाडं आणि बुडालेली मजुरी लाखांच्या हिशेबात धरलेली नसते. वायर तुटली, बॅटरी संपली की यंत्र डब्यात जातं आणि पोर पुन्हा गप्प होतं. उरलेला उपचार घरच्यांच्या तोंडी आहे. पुस्तकी मराठी नको. घरात उर्दू असेल तर उर्दू, वऱ्हाडी असेल तर वऱ्हाडी. भाकर थापताना आईने बोलत राहायचं : 'हे भाकर, हा तवा, हात नको लावू, चटका बसते बापा!'