गोरेगावची म्हैस आणि काप्रीचं सॅलड

लाल टोमॅटोच्या चकत्या, त्यांच्या मधे पांढऱ्या ताज्या मोझरेलाच्या चकत्या, वर बेसिलची पानं, मीठ आणि ऑलिव्ह तेलाची धार. फोडणी नाही, शिजवणं नाही. इटलीतल्या काप्री बेटाचं नाव लावणारं हे काप्रेसे सॅलड आता अंधेरीच्या हॉटेलांत आणि मुलुंड-घाटकोपरच्या लग्नांतल्या बुफेतही दिसतं, आणि आपण ते परमुलखातलं म्हणून ताटात घेतो. पण या तीन जिनसांची मुळं शोधत गेलं की थक्क व्हायला होतं. टोमॅटो मूळचा दक्षिण अमेरिकेतला, मेक्सिकोत शेतात रुळलेला. तो जितका आपल्याला परका तितकाच इटलीलाही. दोघांकडेही तो समुद्र ओलांडून आला. म्हैस आणि बेसिल मात्र आपल्या बाजूची. आणि या दोन्ही गोष्टी आजही गोरेगाव-जोगेश्वरीच्या परिसरात सापडतात.

आधी म्हशीचं बघू. अस्सल मोझरेला म्हशीच्या दुधाचा. नेपल्सभोवतीच्या कांपानिया भागातल्या ‘मोझरेला दि बुफाला कांपाना’ या नावाला १९९६ पासून युरोपात कायद्याचं संरक्षण आहे, आणि ते नाव लावायचं तर दूध निव्वळ म्हशीचंच लागतं. जगातल्या पाळीव म्हशींचे दोन मोठे गट आहेत. आग्नेय आशियातल्या दलदलीच्या म्हशीत ४८ गुणसूत्रं असतात, तर नदीगटातल्या म्हशीत ५०. इटलीची म्हैस ५० वाली, म्हणजे आपल्या मुऱ्हा, जाफराबादी, पंढरपुरी, नागपुरी यांच्याच गोतावळ्यातली. हा गट पाच-सहा हजार वर्षांपूर्वी भारतीय उपखंडाच्या पश्चिम भागात माणसाळला, असं जनुकांच्या अभ्यासावरून दिसतं. तिथून तो पश्चिमेकडे सरकत सरकत गेला, आणि मध्ययुगापासून दक्षिण इटलीच्या पाणथळ जमिनीत सुखाने डुंबतो आहे. काप्रेसेच्या बशीतला पांढरा रंग हा असा आपल्याकडून निघून तिकडे पोचलेला आहे.

त्या रंगालाही कारण आहे. गायीच्या दुधाला जी पिवळसर झाक असते ती चाऱ्यातल्या कॅरोटीनची. म्हैस ते कॅरोटीन जवळजवळ सगळं अ जीवनसत्त्वात बदलून टाकते, म्हणून तिचं दूध, तूप आणि चीज पांढरंशुभ्र. शिवाय गायीच्या दुधात स्निग्धांश साडेतीन-चार टक्के, तर म्हशीच्या दुधात सहा-सात टक्के किंवा त्याहून जास्त. केसीन हे प्रथिन आणि कॅल्शियमही तिच्याकडे जास्त.

मुंबईला या दुधाची सवय फार जुनी. शहरात गल्लोगल्ली असलेले तबेले बाहेर हलवण्यासाठी १९४९ मध्ये गोरेगावला आरे दूध वसाहत उभी राहिली. दारा खुरोडी या पारशी दूधतज्ज्ञाची ती कल्पना आणि मेहनत. १९६३ चा मॅगसेसे पुरस्कार त्यांना व्हर्गीस कुरियन आणि त्रिभुवनदास पटेल यांच्यासोबत मिळाला. कुरियन घराघरात पोचले, खुरोडींचं नाव मात्र मुंबईकरच विसरले, याचं मला वाईट वाटतं. त्या काळी म्हशीच्या दुधाची भुकटी होऊच शकत नाही, असं परदेशी तज्ज्ञ ठामपणे सांगत. हरिचंद दलाया यांनी आणंदला ती करून दाखवली आणि १९५५ मध्ये तिथे कारखानाही सुरू झाला. ज्या दुधाला जग दुय्यम मानत होतं, त्याच दुधाचा मोझरेला इटलीत मानाचा होता.

आता या विषयातली सर्वांत नवलाची गोष्ट. म्हशीच्या त्याच दुधाचं आपण घरी पनीर करतो. पनीर तळा, शिजवा, भाजा, ते वितळत नाही. मोझरेला मात्र गरम झाला की ताणला जातो, त्याच्या तारा निघतात. दूध तेच, आणि दोन्हींची आम्लताही साधारण सारखीच, म्हणजे पीएच ५.३ च्या आसपास. मग फरक कुठून आला?

फरक आपल्या घराघरातल्या एका सवयीत आहे. दूध घरात आलं की आधी ते उकळायचं. पनीरसाठी तर ते उकळून, गरम असतानाच लिंबू पिळून फाडतात. उकळताना दुधातली निवळीची प्रथिनं, जी एरवी पाण्यात विरघळून राहतात, ती उलगडतात आणि केसीनला चिकटून बसतात. मग जो गोळा मिळतो त्यात सगळी प्रथिनं एकमेकांत घट्ट अडकलेली असतात. ती पुन्हा सैल होत नाहीत, म्हणून पनीर तव्यावर आपला आकार सोडत नाही.

मोझरेलासाठी दूध उकळायचं नसतं. दुधात केसीनचे अतिसूक्ष्म कण तरंगत असतात, आणि प्रत्येक कणाच्या पृष्ठभागावर त्याच प्रथिनाच्या एका प्रकाराचं लवीसारखं आवरण असतं. या लवीमुळे कण एकमेकांपासून दूर राहतात. रेनेट नावाचं विकर नेमकी ही लव कापतं. बाकी कशाला हात लावत नाही. कण उघडे पडले की एकमेकांना बिलगतात आणि काही मिनिटांत पातेलंभर दुधाचा थरथरता दही-गोळा होतो, तोही आंबटपणाविना. या कणांच्या आत कॅल्शियम फॉस्फेट गोंदाचं काम करत असतं. आम्लता हळूहळू वाढली की तो गोंद थोडा थोडा विरघळतो. फार विरघळला तर गोळा भुसभुशीत होऊन तुटतो, कमी विरघळला तर रबरासारखा अडून बसतो. पीएच ५.२ ते ५.३ च्या चिंचोळ्या पट्ट्यात तो नेमका इतका सैल होतो की गरम पाण्यात ताणल्यावर प्रथिनांचे धागे एका दिशेने लागतात, सुतरफेणीच्या तारांसारखे. ताज्या मोझरेलाचा गोळा हाताने फाडला तर हे पदर डोळ्यांना दिसतात, आणि त्यांच्यामधे अडकलेलं दुधाळ पाणी बोटांवरून ओघळतं. इतकी सूक्ष्म रचना साध्या पातेल्यात, उघड्या डोळ्यांसमोर घडताना दिसावी, अशी दुसरी उदाहरणं स्वयंपाकघरात फार नाहीत.

मुंबईला रेनेटचं चीज अगदीच नवं नाही. पारशी घरांतलं टोपली पनीर रेनेटनेच लावतात. वेताच्या छोट्या टोपल्यांत निथळलेलं आणि निवळीतच तरंगत ठेवलेलं ते मऊ पनीर मोझरेलाचं चुलत भावंडच म्हणायला हवं. आणि मौसम नारंग यांनी मुंबईत सुरू केलेल्या इलेफ्थेरिया या चीज कंपनीच्या ब्रूनोस्ट या चीजला २०२१ च्या वर्ल्ड चीज अवॉर्ड्समध्ये रौप्यपदक मिळालं, तेव्हा या शहरातल्या चीजकडे जगाचं लक्ष गेलं.

घरी करायचा तर तबेल्याचं ताजं म्हशीचं दूध घ्यावं. पिशवीच्या दुधावर ‘होमोजनाइज्ड’ लिहिलेलं असेल तर त्यातले स्निग्धकण फोडून बारीक केलेले असतात आणि गोळा नीट बांधला जात नाही. कच्चं दूध तसंच वापरू नये. ६३ अंश सेल्सियसवर अर्धा तास ठेवलं तर जंतू मरतात आणि प्रथिनं शाबूत राहतात. त्यासाठी तापमापक हवाच, अंदाजाने हे जमत नाही. मग दूध पूर्ण गार करून लिटरला सपाट अर्धा चमचा लिंबूसत्त्व, म्हणजे सायट्रिक अ‍ॅसिड, पाण्यात विरघळवून घालावं. दूध ३२ ते ३५ अंशांपर्यंत कोमट करून त्यात शाकाहारी रेनेट पाकिटावरच्या मापाने मिसळावं. रेनेटसाठी नळाचं पाणी थेट वापरू नये, कारण त्यातलं क्लोरीन विकराला मारतं. उकळून गार केलेलं घ्यावं. पातेलं न हलवता दहा-पंधरा मिनिटं ठेवलं की सुरी स्वच्छ कापत जाते. वड्या कापाव्यात, हळूहळू ४० अंशांपर्यंत नेऊन निथळाव्यात आणि मग हाताला चटका बसेल इतक्या गरम, खारवलेल्या पाण्यात, जाड हातमोजे घालून, घडी घालत ताणाव्यात. लिटरभर दुधात साधारण दीडशे-दोनशे ग्रॅम मोझरेला निघतो. इटलीत आम्लता जिवाणूंकडून काही तासांत वाढवून घेतात आणि तिथली चव त्यामुळे जास्त खोल असते, हे खरं आहे. तरीही घरच्या पहिल्या गोळ्याची तार ओढण्यातला आनंद त्याने उणावत नाही.

आणि आता ‘गार’ या शब्दाबद्दल. हे सॅलड थंड प्रकारात मोडतं, म्हणून हॉटेलांत अनेकदा सगळं थेट फ्रीजमधून बशीत येतं. थंडी मात्र यातल्या तिन्ही जिनसांची वैरी आहे. टोमॅटोचा वास अनेक उडून जाणाऱ्या द्रव्यांनी मिळून बनतो. ही द्रव्यं तयार करणारी जनुकं थंडीत मंदावतात. फ्लोरिडा विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१६ मध्ये दाखवलं की ५ अंशांवर आठवडाभर ठेवलेल्या टोमॅटोत साखर आणि आम्ल जसंच्या तसं राहतं, पण वास घटतो, आणि बाहेर काढल्यावरही तो पुरता परत येत नाही. म्हणजे फ्रीजमधला टोमॅटो जिभेला आंबटगोड लागतो, नाकाला मात्र मुका राहतो.

मुंबईचा उन्हाळा त्याला वेगळ्या तऱ्हेने छळतो. लाल रंग देणारं लायकोपीन तिशीच्या वर पारा गेला की नीट तयार होत नाही, पिवळं कॅरोटीन मात्र होत राहतं. मे महिन्यात घरात पिकायला ठेवलेले टोमॅटो नारिंगी-पिवळट का राहतात, याचं उत्तर हे आहे. म्हणून हे सॅलड हिवाळ्याचं. नारायणगाव आणि पिंपळगाव बसवंतच्या बाजारांतून येणारा संकरित टोमॅटो जाड सालीचा, प्रवासाला टिकणारा. तो फळीवर दोन-तीन दिवस ठेवून पूर्ण लाल होऊ द्यावा. बोरिवली-मुलुंडच्या मंडईत खाचांचा, रसाळ गावठी टोमॅटो दिसला तर मी तोच घेईन. बियांभोवतीचा गर काढून टाकू नये. मांसल भागापेक्षा ग्लुटामेट त्या गरातच जास्त असतं, आणि जिभेला जो भरीव रुचकरपणा लागतो तो त्याचा. चकत्यांवर मीठ आधी घालून दहा मिनिटं ठेवलं की रस सुटतो. तो ओतून न देता तेलात मिसळावा, तेच या सॅलडचं सार.

राहिली पानं. फालुद्यात फुगणारा सब्जा आणि इटलीचं बेसिल या एकाच वनस्पतीच्या, ऑसिमम बॅसिलिकमच्या, दोन जाती. अंगणातली तुळस त्याच कुळातली, पण वेगळी प्रजाती. दर्ग्यात फुलांबरोबर जो सब्जा चढवतात त्याचं पान चुरडून हुंगा, बडीशेपेच्या जवळचा वास येईल. तो मिथाइल चॅव्हिकॉलचा. इटलीतल्या जेनोव्हाच्या बेसिलमध्ये लिनलूल जास्त, म्हणून त्याचा वास फुलांसारखा मऊ. तुळशीत युजेनॉलचा, म्हणजे लवंगेचा, तिखट जोर. तुळस इथे टोमॅटोला झाकून टाकते, असं माझं मत. सब्जाची कोवळी पानं मात्र छान जमतात, थोडी कमी घालावीत इतकंच. हे झाड उष्ण हवेचं. साधारण १२ अंशांखाली पानं काळवंडतात, म्हणून जुडी फ्रीजमध्ये न ठेवता पाण्याच्या पेल्यात ओट्यावर ठेवावी. वासाच्या पेशी पानाच्या पृष्ठभागावरच असतात. पानं अगदी शेवटी, हातानेच तोडावीत.

मोझरेला फ्रीजमध्ये ठेवला असेल तर खाण्याआधी वीस मिनिटं बाहेर काढावा. गारठलेला स्निग्धांश जिभेवर मेणासारखा बसतो, कोमट झाला की दुधाची चव मोकळी होते.

गोरेगाव, जोगेश्वरी, मालाड या भागांत राहत असाल तर येत्या डिसेंबरात तबेलेवाल्या भैयाकडून सकाळच्या धारेचं दोन लिटर दूध मागून घ्या. खिडकीतल्या कुंडीत मूठभर सब्जाचं बी आत्ताच पेरा, तोवर पानं तोडण्याजोगी होतील. आणि त्या एका दिवशी, घरातल्या वडीलधाऱ्यांनी कितीही सांगितलं तरी, दूध उकळू नका. तापमापक लावून ६३ अंशांवर अर्धा तास ठेवा.