हॅनाचं पांढरं स्वयंपाकघर



आज एका मूकपटाची गोष्ट सांगते. मूकपटात पात्रांचा आवाज नसायचा. त्यांचे हावभाव बघायचे आणि मधूनमधून पडद्यावर येणारी वाक्यं वाचायची. १९२२ साली अमेरिकेत निघालेल्या या सिनेमाचं नाव ‘हंग्री हार्ट्स’, म्हणजे भुकेली मनं.

त्या काळी रशियाच्या साम्राज्यात ज्यू लोकांचा फार छळ होई. म्हणून लेव्हिन कुटुंब गाव सोडून न्यूयॉर्कला येतं. वडील धर्मग्रंथांत रमलेले, कमाईत कच्चे. त्यामुळे संसाराचा भार आई हॅना आणि मुलगी सारा यांच्यावर. राहायला चाळीसारख्या इमारतीत भाड्याच्या कोंदट खोल्या.

हॅना एका श्रीमंत घरी कामाला जाते. तिथलं पांढरंशुभ्र स्वयंपाकघर तिच्या मनात भरतं. पैपै साठवून ती रंग आणते आणि आपलं काळवंडलेलं स्वयंपाकघर उजळते. परक्या देशात आपणही मानानं राहणारी माणसं आहोत, असं तिला त्या भिंतींकडे बघून वाटतं.

आणि घरमालक भाडं वाढवतो! रंग तिचा, हात तिचे. भाव वाढला तो मालकाच्या जागेचा. संतापलेली हॅना सत्तूर उचलते आणि त्याच भिंतींवर घाव घालते. प्रकरण कोर्टात जातं. साराचं ज्याच्यावर प्रेम आहे तो घरमालकाचा भाचाच वकील म्हणून हॅनाची बाजू मांडतो आणि ती सुटते.

सिनेमा निघाला तो आन्झिया येझिएर्स्का या ज्यू लेखिकेच्या १९२० सालच्या कथासंग्रहावरून. त्या लहानपणी पोलंडहून न्यूयॉर्कला आल्या, कारखान्यात राबल्या. त्यांच्या मूळ कथेत सोडवणारा वकील नाही. तिथे हॅना कोर्टात हरते, मग भिंती फोडते. लष्करातून घरी परतलेल्या मुलाला आई दिसते ती रस्त्यावर, सामानाशेजारी.

घराची अब्रू बाईनं राखायची, पण घरावर हक्क दुसऱ्याचा! म्हणून ही गोष्ट मला अजून जुनी वाटत नाही.

गटाच्या पुढच्या बैठकीत ती जरूर सांगा आणि सगळ्याजणींना विचारा, हॅनानं भिंती फोडल्या, हे बरोबर की चूक? तिच्या जागी तुम्ही असता, तर काय केलं असतं?