बापाची गादी मुलालाच? जपानबद्दलचा एक हट्टी गैरसमज

“जपानमध्ये बघा, हजार-हजार वर्षं एकाच रक्ताने धंदा चालवलाय. आणि आपली पोरं बापाच्या दुकानात बसायला तयार नाहीत!” व्याख्यानांत, लग्नाच्या पंगतीत, व्हॉट्सअॅपवर हे इतक्यांदा ऐकलंय की आता गप्प बसवत नाही. यातला ‘रक्ताने’ हा शब्दच चुकीचा आहे.

जपानी घराण्याला ‘इए’ म्हणतात. नाव, धंदा आणि पूर्वजांची पूजा पुढे चालली पाहिजे, हा इएचा आग्रह. रक्त त्यानंतर. मुलगा नसला किंवा धंद्याला नालायक निघाला, तर कर्तबगार तरुणाला मुलगी द्यायची आणि त्यालाच दत्तक घ्यायचं. तो ‘मुकोयोशी’. त्याला घरजावई समजू नका. घरजावयाचं आडनाव तेच राहतं. मुकोयोशी सासऱ्याचं आडनाव लावतो आणि कायद्याने त्याचा मुलगा होतो.

पुरावा आपल्या रस्त्यांवर धावतोय. 1982 साली मारुतीशी करार झाला तेव्हा सुझुकी कंपनीचे अध्यक्ष होते ओसामु सुझुकी. जन्माने ते मात्सुदा. बँकेत नोकरी करत होते. संस्थापक मिचिओ सुझुकींच्या नातीशी लग्न करून 1958 मध्ये ते सुझुकी झाले. कंपनीचे दुसरे अध्यक्ष शुन्झो, तेही जावईच.

ओसाकाची कोंगो गुमी ही देवळं बांधणारी पेढी तर इ.स. 578 पासूनची मानली जाते. तिच्या वंशावळीतही दत्तक जावई आहेत. 1930 च्या दशकात पतीनिधनानंतर योशिए कोंगो या बाईंनी ती सांभाळली. आणि 2006 मध्ये कर्जापायी ती ताकामात्सु समूहाकडे गेली, हे व्याख्याते कधीच सांगत नाहीत!

जपानी घराबद्दलचे असेच आणखी काही समज. थोरल्याच मुलाला सगळा वारसा, ही सर्वांना लागू असलेली सनातन रीत? देशभर कायद्याने ती लादली 1898 च्या नागरी संहितेने. दुसऱ्या महायुद्धानंतर, 1947 च्या दुरुस्तीने ती गेली. मुलींनाही समान वाटा मिळाला.

प्रत्येकाचं आडनाव प्राचीन? सामान्य माणसाला आडनाव सक्तीचं झालं 1875 मध्ये.

लग्नानंतर बाईनेच नाव बदलायचं? कायदा म्हणतो, दोघांचं आडनाव एक हवं, कुणाचंही चालेल. तरी सुमारे 95 टक्के जोडप्यांत बायकोच बदलते. वेगवेगळी आडनावं ठेवू द्या म्हणून काही जोडपी सर्वोच्च न्यायालयात गेली; 2015 आणि 2021, दोन्ही वेळा हरली.

म्हातारे आईबाप नातवंडांत राहतात? सरकारी पाहणीनुसार 1980 मध्ये ज्येष्ठ असलेल्या घरांपैकी निम्मी तीन पिढ्यांची होती. 2019 मध्ये दहा टक्केही उरली नव्हती.