एव्हारिस्तोचं दुकान

लिस्बनमधल्या एका जुन्या वाड्यात एव्हारिस्तोचं दुकान आहे, रंग, साबण आणि घरगुती रसायनांचं. शेजारचा दारुडा नार्सिसो त्याच्या नावाशी यमक जुळवून ‘हे आहे का रे तुझ्याकडे?’ असं डिवचतो आणि दुकानदार दरवेळी तितकाच भडकतो. ‘ओ पात्यो दास कांतिगास’ (१९४२) या चित्रपटातलं हे चिडवणं आजही पोर्तुगालात लोकांच्या तोंडी आहे. नार्सिसो झाला होता व्हास्को सांताना, आणि चिडणारा होता अंतोनियो सिल्वा.

सिल्वाचा जन्म १८८६चा. उमेदीची वर्षं रंगभूमीवर गेली, त्यातली काही ब्राझीलमध्ये. लिस्बनच्या आजुदा भागातल्या स्वयंसेवी अग्निशमन दलातही तो होता. बोलपट आला तेव्हा त्याचं वय नायक होण्याचं उरलंच नव्हतं. संपूर्णपणे पोर्तुगालात तयार झालेला पहिला बोलपट, कॉत्तिनेल्ली तेल्मोचा ‘आ कांसाव द लिजबोआ’, १९३३ साली झळकला तेव्हा तो सत्तेचाळीस वर्षांचा होता. नायक सांताना, नायिका ब्यात्रिझ कॉस्ता. सिल्वाच्या वाट्याला आला नायिकेचा बाप, काएतानो शिंपी. परीक्षेत नापास होणारा वैद्यकीचा विद्यार्थी असलेला नायक या बापाला जावई म्हणून मुळीच नको असतो, पण त्याच्या मावश्यांकडे पैसा आहे असं कळताच शिंपीबुवांचा सूर पालटतो. (पुढे दिग्दर्शक म्हणून जगभर नाव कमावलेला मानोएल द ऑलिव्हेरा याच चित्रपटात एका छोट्या भूमिकेत दिसतो.)

सिल्वाची खुबी या सूर पालटण्यात आहे. त्याची माणसं लबाड असली तरी दुष्ट नसतात. खिसा रिकामा आणि रुबाब मोठा, एवढीच त्यांची अडचण. ‘ओ लेआंव दा एश्त्रेला’ (१९४७) मधला अनास्तासियो हा फुटबॉलवेडा कारकून सामना बघायला पोर्तोला जातो, श्रीमंत असल्याची बतावणी करत एका धनिकाच्या घरी उतरतो आणि तेच यजमान लिस्बनला येतात तेव्हा त्याची पळापळ होते. इथे तो सहाय्यक राहिलेला नाही, चित्रपट त्याचाच आहे. ‘ओ कॉस्ता दो काश्तेलो’ (१९४३) मध्येही तेच घडलं होतं. तरीही त्याच वर्षी ‘आमोर द पेर्दिसांव’ आणि १९४७ मध्येच गायिका आमालिया रॉड्रिग्जचा ‘फादो’, अशा चित्रपटांत तो बाजूच्या भूमिकेत परतला.

हुकूमशहा सालाझारच्या राजवटीत हे चित्रपट घडले. त्यांत राजकारण नाही, गरिबीही हसतमुख. हा आक्षेप खराच आहे. पण पडद्यावरचा घाबरट, मोठेपणासाठी झुरणारा छोटा माणूस मला त्या काळाबद्दल बरंच सांगून जातो, दिग्दर्शकाच्या मनात ते असो वा नसो.

१९६३च्या ‘ऊश व्हेर्देश आनुश’पासून नव्या दिग्दर्शकांची लाट आली आणि ही जुनी विनोदी परंपरा मागे पडली. सिल्वा १९७१ मध्ये गेला, हुकूमशाही कोसळण्याच्या तीन वर्षं आधी.

‘पात्यो’ २०१५ साली नव्याने बनला तेव्हा मिगेल गिल्येर्मे एव्हारिस्तो झाला. दुकानातला माल बदलला, चिडवणं मात्र तेच राहिलं.