एरिक्सनचे पैसे आणि आपली अडकलेली बिले

मोठ्या कंपनीकडे बिल अडकले म्हणून हातावर हात ठेवून बसलेले तरुण उद्योजक आपल्या समाजात आता कमी नाहीत. 'त्यांच्याशी कोर्टात कोण लढणार?' असे ते विचारतात. म्हणून आम्ही एका गाजलेल्या प्रकरणाची माहिती येथे देत आहोत.

एरिक्सन इंडिया ही कंपनी रिलायन्स कम्युनिकेशन्सचे नेटवर्क सांभाळत होती. तिचे पंधराशे कोटींहून अधिक रुपये थकले. सप्टेंबर 2017 मध्ये तिने राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणात दिवाळखोरीचा अर्ज केला. मे 2018 मध्ये तो दाखल झाला. कंपनीचा ताबा मालकांच्या हातून जाणार हे दिसताच 550 कोटींची तडजोड झाली. म्हणजे एरिक्सननेही मोठ्या रकमेवर पाणी सोडले, हे विसरू नये.

तरीही पैसे आले नाहीत. सप्टेंबरची मुदत गेली, वाढवून मिळालेली डिसेंबरचीही गेली. मात्र आता पैसे देण्याची हमी सर्वोच्च न्यायालयापुढे दिलेली होती. 20 फेब्रुवारी 2019 रोजी न्यायालयाने अनिल अंबानी व इतर दोघांना अवमानाबद्दल दोषी ठरवले. चार आठवड्यांत 453 कोटी भरा, नाहीतर तीन महिने तुरुंग! मार्चमध्ये पैसे भरले गेले आणि अनिल अंबानींनी थोरल्या भावाचे जाहीर आभार मानले. (असा भाऊ प्रत्येक कर्जदाराला नसतो.) तुरुंगाची वेळ कर्ज थकल्यामुळे नव्हे, तर न्यायालयाला दिलेला शब्द मोडल्यामुळे आली होती.

आपल्याला हाच रस्ता मिळेल का? बहुधा नाही. मार्च 2020 पासून दिवाळखोरीच्या अर्जासाठी थकबाकी किमान एक कोटी लागते. शिवाय 'माल खराब होता' असा खरा वाद आधीपासून असेल, तर अर्ज फेटाळला जातो.

सूक्ष्म व लघु उद्योगांसाठी 2006 चा एमएसएमई विकास कायदा आहे. त्यानुसार लेखी करार असला तरी 45 दिवसांच्या आत पैसे द्यावेच लागतात. उशीर झाल्यास रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ व्याज लागते. माल मिळाल्यापासून 15 दिवसांत लेखी हरकत आली नाही, तर माल स्वीकारला असेच कायदा मानतो. तक्रार सुकरता परिषदेकडे करायची. परिषदेच्या निवाड्याला आव्हान द्यायचे, तर खरेदीदाराला आधी 75 टक्के रक्कम भरावी लागते. ही अट आम्हाला सर्वांत मोलाची वाटते.

उद्यम नोंदणी मोफत आहे, ती काम घेण्यापूर्वीच करावी. निव्वळ व्यापार करणाऱ्यांना मात्र या तरतुदीचा लाभ नाही. पुढची ऑर्डर जाईल या भीतीने अनेकजण तक्रारच करत नाहीत, आणि ती भीती खोटी नाही. पण वसुलीच्या दाव्याला साधारण तीन वर्षांची मुदत असते. तोंडी आश्वासनाने ती वाढत नाही. मुदत संपण्याआधी थकबाकी मान्य असल्याचे सहीचे पत्र घेतले, तर त्या तारखेपासून तीन वर्षे नव्याने मोजली जातात.