दरीतला वॉलेमी

सिडनीच्या वायव्येला वॉलेमी राष्ट्रीय उद्यानात खोल, अरुंद दऱ्यांचे जाळे आहे. १९९४ साली उद्यानातला कर्मचारी डेव्हिड नोबल अशाच एका दरीत उतरला आणि उकळत्या चॉकलेटसारख्या बुडबुड्यांच्या सालीचे एक अनोळखी झाड त्याला दिसले. आपल्याकडे बंगल्यांपुढे ‘ख्रिसमस ट्री’ म्हणून मिरवणाऱ्या अरौकेरियाच्या कुळातलेच हे. पण याचे जवळचे नातलग तोवर फक्त जीवाश्मांतून माहीत होते.

रानात पूर्ण वाढलेली शंभरही झाडे नाहीत आणि त्यांच्यात जनुकीय फरक जवळजवळ नाहीच. एकाला मारणारा रोग सगळ्यांना मारू शकतो. म्हणून जागा गुप्त ठेवली. तरी हौशी पावले पोचलीच असावीत. २००५ मध्ये मुळे कुजवणारा फायटोफ्थोरा तिथे सापडला, बहुधा कुणाच्या बुटांच्या चिखलातून आलेला. दुसरा उपाय नेमका उलटा, आणि मला अधिक शहाणपणाचा वाटतो: रोपे वाढवून ती सरळ बाजारात विकली. ज्याला झाड हवे त्याने ते कुंडीत लावावे, दरी शोधू नये.

२०१९-२० च्या वणव्यात मात्र कुंड्या कामाच्या नव्हत्या. जवान हेलिकॉप्टरमधून दरीत उतरले, पाण्याचे फवारे लावून जमीन भिजवली. विमानांनी आगरोधक द्रव्य टाकले. काही झाडे होरपळली, बहुतेक वाचली.